कॅसेटमध्ये नसलेला बाप

गुलाब सोमकुवर स्वतःच्या पोरीच्या लग्नाला गेला नाही, असं पांढुर्ण्यात सांगतात. सांगणारा बदलला की कारण बदलतं. बसस्टँडवरचा भजेवाला गजेंद्र कढईतला झारा वर धरून सांगतो, "अरे कायचं लगन न कायचं काय! बावाजी मुंबईले पिक्चर काढून राह्यले होते. हिरोइनीसंग! पोट्टी इकडं हळद लावून बसली अन् बाप तिकडं 'ॲक्शन' म्हणून राह्यला!" 'ॲक्शन'ला झारा असा खाली येतो की समोरचं गिऱ्हाईक मागे सरकतं. रिटायर पटवारी भैय्याजी आवाज एकदम खाली आणतात, "मी कोनाले सांगत नाही, पन..." म्हणतात आणि सगळ्या बाकाला ऐकू जाईल असं सांगतात, "जावई पसंत नव्हता त्याले. बोरगावले जाऊन रुसून बसला होता, रुसून." आणि माहेरपणाला आलेली छिंदवाड्याची डिंपल तर छातीवर हात ठेवून म्हणते, "व माय, आम्ही पुरा व्हिडिओ पाह्यला ना! आचारी हाये, बँडवाला हाये, मांडवातलं कुत्रं हाये. बाप नाही!"

डिंपलचं अगदी खरं आहे. व्हिडिओत बाप नाही. पण लग्नात होता. हळदीपासून पोरगी गाडीत बसेपर्यंत एक क्षण हलला नाही. तो व्हिडिओ काढणाराच तो होता.

आता इथलं एक सांगितलं पाहिजे. आमच्या भागात लग्न दोनदा लागतं. एकदा मांडवात आणि दुसऱ्यांदा घरात, कॅसेट आल्यावर. कॅसेट म्हणजे हल्ली पेनड्राइव्हच, पण तोंडात कॅसेटच बसलेली आहे. मांडवातलं लग्न धावपळीत निघून जातं, खरं लग्न हे दुसरं. सगळं घर टीव्हीपुढे मांडी घालून बसतं आणि नवरा-नवरीकडे कोणी ढुंकून पाहत नाही. कोण आलं आणि कोण आलं नाही, एवढंच पाहतात. "नत्थूजी दिसला का?" "नाही बावा." "मंग आला नसन." संपला विषय. तुम्ही आहेर केला असेल, जिलेबी मागून मागून खाल्ली असेल, वरातीत नाचताना पायजमा फाडून घेतला असेल. कॅसेटमध्ये नाहीत ना? मग आला नव्हतात. म्हणून माणसं मांडवात शिरली की नवरदेवाच्या आधी कॅमेरावाल्याला भेटतात. "मले घेतलं का गा?" "घेतलं ना, काका." "पुरा घेतला का अर्धाच?"

गुलाबला हे कोणापेक्षाही जास्त ठाऊक होतं. धंद्याच्या सुरुवातीला त्याने तिगावच्या नत्थूजींचा तुकडा कापला होता. चित्र हललं होतं, म्हणून. झालं. "आपला भाऊ आपल्या पोराच्या लग्नात आला नाही" म्हणून थोरल्या भावाने नत्थूजींशी बोलणं टाकलं. दोघांची संत्र्याची बाग एकमेकांना लागून, मध्ये बांध, आमच्याकडचा धुरा, आणि धुऱ्याच्या अलीकडून पलीकडे शब्द जाईना. शेवटी गुलाब नवीन कॅसेट घेऊन स्वतः गेला, थोरल्याला टीव्हीपुढे बसवलं आणि हललेले नत्थूजी दाखवले. थोरला बराच वेळ पाहून म्हणाला, "हालून राह्यला, पन हाये." त्या दिवसापासून गुलाबचा नियम झाला. पंगतीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत कॅमेरा संथ न्यायचा. तोंडात घास असला तरी चालेल, पण माणूस राहायला नको.

असा हा माणूस. तालुक्यातल्या सगळ्यांना त्याने कॅसेटमध्ये घेतलं, आणि स्वतः राहिला.

गुलाब मूळचा सौंसरजवळच्या बोरगावचा. आईबाप दुसऱ्याच्या बागेत संत्री तोडायला जायचे आणि पोरगा सौंसरच्या टॉकीजमध्ये मशीनच्या खोलीत. फिल्म तुटली की खाली शिट्ट्या सुरू व्हायच्या आणि वर गुलाब तुटलेली टोकं ब्लेडने खरवडून जोडायचा. एकदा घाईत त्याने जोड चुकवला. गोळी लागून मेलेला खलनायक पुढच्या क्षणी टोपी घालून चहा पीत बसला. सौंसरकरांनी खुर्च्या वाजवल्या, "वन्स मोअर!" मालकाने कान पिळला. पण पिळलेल्या कानाने पोराला एक गोष्ट कळली होती. माणूस मरतो कुठे आणि जगतो कुठे, ते जोडणाऱ्याच्या हातात असतं.

तिथून नागपूर, एका कॅसेट कंपनीत. नागपूरहून मुंबई, एका एडिटरच्या हाताखाली. मुंबईच्या त्या खोलीला खिडकी नव्हती. तिथे त्याने सगळं केलं. सासवा-सुनांच्या मालिका कापल्या, भुताचे पिच्चर कापले, कीटकनाशकाच्या जाहिराती, मारामाऱ्या, आरत्या. हसू कुठे तोडायचं, रडू किती वेळ धरायचं, दार लागल्याचा आवाज दाराच्या आधी द्यायचा की नंतर, यात तो तयार झाला. नाव मात्र पडद्यावर कधी नीट आलं नाही. कधी 'गुलाब एस.', कधी 'सहाय्यक : नागपूर'. कारण तिथे त्याला सगळे नागपूरच म्हणायचे. पांढुर्णा कुठे आहे ते सांगायला त्याने सुरुवात केली की समोरचा जांभई द्यायचा.

एकदा रसवंतीवर एक नट उभा दिसला. गुलाब त्याला वर्षभर रोज पाहत होता. तो खोटं बोलताना डावी भुवई उचलतो, रडायच्या आधी नाक ओढतो, दमला की उजव्या पायावर भार देतो, हे त्या नटाच्या आईला माहीत नसेल इतकं गुलाबला माहीत होतं. घरचं माणूस भेटावं तसा तो पुढे झाला. "काय म्हणता, बरी हाय ना तब्येत? मागच्या आठवड्यात घसा बसला होता तुमचा." नटाने त्याच्याकडे पाहिलं, मग आजूबाजूला पाहिलं, आणि अर्धा ग्लास ठेवून निघून गेला. गुलाबने आपला रस संपवला. त्या खोलीत परत जाऊन दुपारभर त्याच माणसाचा चेहरा कापत बसायचं होतं.

मग फिल्मच्या पट्ट्या गेल्या, कॉम्प्युटर आले. बायको पुष्पा सौंसरला प्राथमिक शाळेत शिकवायची, पोरगी अर्चना चालायला लागली होती. एक कॉम्प्युटर घेऊन गुलाब परतला आणि पांढुर्ण्यात दुकान टाकलं. पाटी लावली, 'पुष्पा व्हिडिओ मिक्सिंग'. पुष्पा म्हणाली, "माह्या नावानं मिक्सिंग कायले? शाळेतले पोट्टे मले मिक्सर म्हनतीन ना." पाटी तशीच राहिली. पोट्टे मिक्सर म्हणाले.

ते दिवस त्याचे होते. लग्नं तर होतीच. चौदा एप्रिल जवळ आला की भीमगीतांच्या अल्बमवाल्यांची रांग लागायची. कोणाला संत्र्याच्या कलमांची जाहिरात हवी, कोणाला निवडणुकीची. आणि त्याने स्वतः एक अख्खा वऱ्हाडी पिच्चर काढला, 'सौंसरचा जावई, बोरगावची सासू'. लेखक तो, दिग्दर्शक तो, एडिटर तो. त्यातल्या म्हशीचा आवाजही त्याचाच. जावई रुसून निघतो आणि सासू मागे धावते, हा सीन तिगाव स्टेशनवर घेतला. दिग्दर्शक ओरडला, "जावई, पळा!" जावयाचं काम करणारा गुणवंता खराच पळाला आणि सुटलेल्या पॅसेंजरमध्ये चढून मुलताईला पोहोचला. गुलाबने तेही पिच्चरमध्ये ठेवलं. सासू फलाटावर उभी, गाडी लहान लहान होत जाते, आणि सासूचं काम करणारी बाई भूमिका विसरून ओरडते, "अबे, माह्या नवऱ्याचा शर्ट घातला हाये त्यानं!" अमरावतीपर्यंत विकली गेली ती सीडी.

पुढे मोबाइल आले आणि ज्याच्या त्याच्या अंगठ्यात एडिटर आला. दुकान रिकामं पडायला लागलं. त्याच सुमारास पुष्पा आजारी पडली आणि गेली. गुलाब दुकानात बसून राहायचा, जुनी लग्नं लावून. बाहेरून जाणाऱ्याला आतून बँड ऐकू यायचा, हसणं, पंगतीतलं "वरण आना वरण!" आणि वाटायचं, काय गर्दी आहे आत! आत एकटा गुलाब.

अर्चनाचं लग्न ठरलं ते पुष्पा गेल्यानंतर. मुलगा गौतम, छिंदवाड्याला बँकेत. समाजभवनात लग्न. विनोद नावाचा चांगला कॅमेरावाला गुलाबच्याच हाताखाली शिकलेला, तो येऊन म्हणाला, "काका, आज कॅमेरा माह्याकडं द्या. तुमी बाप हा ना." गुलाब म्हणाला, "तुयी फ्रेम तुटते, मानूस अर्धाच येते." विनोदची फ्रेम तुटत नव्हती. गुलाबला मोकळ्या हातांनी माणसांत उभं राहायचं जिवावर आलं होतं. पुष्पाशिवाय. कॅमेरा डोळ्याला लावला की कोणी विचारत नाही, कसे आहात.

बौद्धाचार्यांनी त्रिशरण-पंचशील म्हणून घेतलं. वधूवरांच्या प्रतिज्ञेची वेळ आली. त्या वेळी आमच्याकडे आईबापांनी वधूच्या मागे उभं राहायचं असतं. अर्चनाच्या मागे दिलीपमामा उभा राहिला, पुष्पाचा भाऊ. पांढऱ्या साडीतली अर्चना वळून कॅमेऱ्याकडे पाहू लागली, आणि गुलाबने डाव्या हाताने खूण केली, समोर बघ.

एवढंच झालं. लग्न छान झालं. कॅसेट तर फारच छान झाली. एकही चित्र हललेलं नाही, एकही माणूस राहिलेला नाही.

पण छिंदवाड्याला ती पाहिली गेली. गौतमच्या आत्याने विचारलं, "पोरीचा बाप कोनता?" दिलीपमामाकडे बोट दाखवलं तर कोणीतरी म्हणालं, तो मामा. "मंग बाप?" मागे घ्या, पुढे न्या. बाप नाही. "आला नसन." ती बातमी छिंदवाड्याच्या बसने सौंसरला आली, सौंसरहून पांढुर्ण्याला, आणि पांढुर्ण्यात गजेंद्रच्या कढईत पडून फुगली. ज्यांनी गुलाबच्या कॅमेऱ्यापुढे त्या दिवशी जिलेबी खाल्ली होती, तेही हळूहळू म्हणू लागले, "हो गा, मले बी दिसला नाही."

गुलाबला गावाचं काही वाटलं नाही. त्याने अर्चनाला फोन केला. "तुया सासरचे म्हनून राह्यले मी नव्हतो. तू सांगत काऊन नाही?"

तिकडे कुकरची शिट्टी झाली. मग अर्चना म्हणाली, "काय सांगू बाबा? होते का तुमी?"

त्यानंतर फोन होत राहिले, सणावारी, तब्येत विचारण्यापुरते. तिला मुलगी झाली तो फोन गौतमने केला. पांढुर्णा जिल्हा झाला, रस्ते रुंद झाले, छिंदवाडा होतं तिथेच होतं, आणि अर्चना आली नाही. तिच्या तोंडून एकदा 'होते' एवढं ऐकायचं, यापलीकडे त्या माणसाला काही नको होतं.

यंदा कपाशी घरात यायच्या दिवसांत गौतमचा मेसेज आला. "बाबूजी, जय भीम. लग्नाचा पेनड्राइव्ह खराब झाला. कॉपी करून पाठवता का?" अर्चनाचं त्यात काही नव्हतं.

कॉपी करणं म्हणजे चहा उकळेपर्यंतचं काम. पण गुलाबने जुनी हार्डडिस्क काढली, कापण्याच्या आधीचं सगळं ज्यात होतं ती. कॅसेट बनल्यानंतर त्याने ती उघडलीच नव्हती. आणि त्यात त्याला पहिल्यांदा तो स्वतः भेटला. दिसला नाही, ऐकू आला. "दिलीप, डोकं काढ." "ओ ताई, जरा इकडं सरका." "हळू रे, हळू, वायर हाये." मुंबईपासूनचा नियम, कॅमेऱ्यामागचा आवाज ठेवायचा नाही. त्याने तो सगळीकडून पुसून वर बँड चढवला होता. एका तुकड्यात उधळलेल्या फुलांतली एक पाकळी अर्चनाच्या पापणीला चिकटली होती. चौकटीच्या कडेने एक हात आत येतो, दोन बोटांनी पाकळी काढतो आणि परत जातो. फ्रेममध्ये हात आला, म्हणून कापलेला तुकडा.

आणि प्रतिज्ञेच्या आधीचा तो. अर्चना सरळ त्याच्याकडे पाहते आहे. नवरीने कॅमेऱ्यात पाहिलं की तो तुकडा बाद, हा दुसरा नियम. ती म्हणते, "बाबा, ठेवा ना कॅमेरा. या ना इकडं." त्याचा आवाज म्हणतो, "माह्याकडं नको पाहू बेटा, समोर पाह्य." ती पुन्हा म्हणते, "बाबा, या ना." तो म्हणतो, "फोकस जाते न माय." मग ती समोर पाहते.

त्याने ते कितीदा मागेपुढे केलं, त्याला माहीत. खूण केल्याचं त्याला आठवत होतं. ती बोलली होती, हे तो पार विसरला होता. कापलं, की विसरायचं. तो तर धंदाच होता.

मग त्याने लग्न पुन्हा कापायला घेतलं. जे आधी ठेवलं होतं त्यातलं बरंच काढलं, आणि टाकलेलं सगळं घेतलं. स्वतःचा आवाज, हात, मांडवातल्या बाया "अहो भाऊ, जेवले का?" विचारतात त्यावर त्याचं "होईन, होईन". आता व्हिडिओत बाप कुठेही दिसत नव्हता आणि एक मिनिट गप्प बसत नव्हता. राहता राहिला तो एक तुकडा. नुसतं "बाबा, या ना इकडं" ठेवलं असतं आणि पुढचं कापून पाकळीचा हात जोडला असता, तर बाप बोलावल्याबरोबर गेला असता. सुंदर जोड बसत होता. त्याने तो करून पाहिला. कोणाला कळलं नसतं, छिंदवाड्याच्या आत्याला तर नाहीच. पण अर्चनाला कळलं असतं. तो जोड त्याने मोडला, आणि झालं होतं तसं पूर्ण ठेवलं. ती बोलावते, हा जात नाही.

पेनड्राइव्ह जुन्या पद्धतीने गेला, छिंदवाड्याच्या बसच्या कंडक्टरबरोबर. प्रकाश कंडक्टर पुडी खिशात घालत म्हणाला, "काय हाये गुलाबभौ, बाँब नाही ना?" गुलाब म्हणाला, "फुटला तं सांगजो."

त्याच संध्याकाळी त्याची आणि माझी पैज लागली. आमचं घर त्याच्या दुकानाला लागून, मधली भिंत एका विटेची, आणि या लग्नाचं नवं-जुनं सगळं मी भिंतीपलीकडून ऐकलेलं होतं. मी म्हटलं, "काका, अर्चनाताई रडन. रडत रडत फोन करन अन् म्हनन, बाबा, उद्याच्या उद्या या."

"नाही," गुलाबकाका म्हणाले. "ते चूक काढन."

"कायची चूक? येवढं मस्त झालं!"

"लहानपनी माह्या बाजूले बसून चुकाच काढे ते. लाव पैज."

लावली. मी हरले तर महिनाभर कोणाचीही नक्कल करायची नाही, गजेंद्रची नाही, भैय्याजींची नाही, शाळेतल्या मॅडमची तर नाहीच. ते हरले तर आमच्या गॅदरिंगमध्ये स्टेजवर येऊन म्हशीचा आवाज काढतील. मी मनातल्या मनात म्हशीची घोषणाही तयार करून ठेवली.

पुडी पोहोचल्याचं प्रकाश कंडक्टरने सांगितलं. मग काही नाही. गुलाबकाका दुकान उघडायचे, फोन टेबलावर पालथा ठेवायचे, सुलटा करायचे, पुन्हा पालथा. जुनी लग्नं लावणं त्यांनी बंद केलं होतं. भिंतीपलीकडून नुसता पंख्याचा आवाज यायचा. मला वाटलं, पैज दोघेही हरलो.

रविवारी दुपारी फोन वाजला तेव्हा मी हिशेबाची मशीन मागायला दुकानात गेले होते. काकांनी फोन उचलला तर बोट चुकून स्पीकरवर पडलं.

"बाबा."

"बोल."

"पाह्यला." मागे तिकडचा रस्ता ऐकू येत होता, गाड्या, कोणाचं तरी पोर. "दिलीपमामाचा नाच दोनदा आला हाये. एकडाव काढा. अन् पंगतीत बँड लय जोरात ठेवला तुमी, तुमचा आवाज दबून राह्यला. बँड खाली घ्या. तिथं तुमी होते ते ऐकू आलं पाह्यजे."

"घेतो," काका म्हणाले.

"करून पाठवा मंग." आणि फोन बंद झाला. रडणं नाही, या म्हणणं नाही, येते म्हणणंही नाही.

काकांनी चष्मा काढून शर्टाला पुसला, परत घातला, कॉम्प्युटर सुरू केला आणि पंगत शोधू लागले. माझ्याकडे न पाहताच म्हणाले, "हारली ना बे?"

हरले. महिना सुरू आहे.